शरीरातून बाहेर पडणाऱ्या द्रवांकडे मुंग्या का येतात : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

न्हाणीघराच्या फरशीवर, वापरलेल्या पॅडवर, बाळाच्या दुपट्यावर किंवा आजारी माणसाच्या चादरीवर मुंग्यांची रांग दिसली की घरातील माणसे घाबरतात आणि बहुतेक वेळा ती गोष्ट कोणाजवळ बोलतही नाहीत. संकोचामुळे हे प्रश्न डॉक्टरांपर्यंत पोहोचत नाहीत, आणि काही वेळा त्यातच निदानाला उशीर होतो. म्हणून असे प्रश्न येथे मोकळेपणाने घेतले आहेत.

मुंग्यांना आपल्या लघवीत, घामात किंवा रक्तात नेमके काय मिळते?

नत्र, मीठ आणि साखर या तीन गोष्टी मिळतात, आणि कडक उन्हाळ्यात नुसते पाणीही पुरेसे आकर्षण ठरते. कामकरी मुंगीला धावपळीसाठी लागणारी ऊर्जा प्रामुख्याने गोड पदार्थांतून मिळते. परंतु वारुळातील अळ्यांना वाढण्यासाठी आणि राणीला अंडी घालण्यासाठी प्रथिने लागतात, आणि नत्रावाचून प्रथिने तयार होत नाहीत. फुलांतील मकरंद, मावा किडीचा चिकट गोड स्राव आणि झाडांचा रस यांवर जगणाऱ्या मुंग्यांना साखर भरपूर मिळते, पण नत्र आणि सोडियम फार थोडे मिळते. ही उणीव त्या मेलेल्या किड्यांतून, पक्ष्यांच्या विष्ठेतून आणि प्राण्यांच्या मूत्रातून भरून काढतात. माणसाच्या शरीरातून बाहेर पडणारे द्रव हे त्यांच्या दृष्टीने याच यादीतील आणखी एक नाव आहे.

द्रव असणे हीच मुळात त्यांच्या सोयीची गोष्ट आहे. प्रौढ मुंगीची कंबर इतकी बारीक असते की तिला घन अन्न गिळता येत नाही. ती द्रव शोषून पोटातील एका पिशवीत साठवते आणि वारुळात परतल्यावर तोंडातून तोंडात बहिणींना भरवते. लघवीच्या थेंबावर वाकलेली मुंगी बऱ्याचदा स्वतःसाठी खात नसते, तर घरच्यांसाठी शिदोरी भरून घेत असते.

इतक्या लवकर त्यांना पत्ता कसा लागतो?

मुंगीचे जग मुख्यतः वासाचे आहे. तिच्या डोक्यावरील दोन स्पर्शिका सतत हवा आणि जमीन चाचपत असतात. मुंग्यांच्या काही जातींमध्ये गंध ओळखणाऱ्या ग्राहकांची (रिसेप्टर, म्हणजे गंधाचे कण टिपणारी प्रथिने) सुमारे ४०० जनुके आढळली आहेत, तर फळमाशीत ती ६० च्या आसपास असतात. पहिली मुंगी बहुधा भटकता भटकता त्या जागी पोहोचते. अन्न उपयोगाचे वाटले तर परतताना ती जमिनीवर गंधद्रव्याची रेषा ओढत जाते, आणि त्या रेषेवरून इतर मुंग्या येतात. त्यामुळे नुसत्या मुंग्या झाडून टाकल्या आणि रेषा तशीच राहिली, तर थोड्या वेळाने रांग पुन्हा उभी राहते.

लघवीत साखर नसतानाही मुंग्या का लागतात?

हा या पानावरील सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे, कारण मुंगी गोडासाठीच येते या समजावर पुढची सारी भीती उभी असते.

प्रौढ माणूस दिवसाला साधारण २० ते ३५ ग्रॅम युरिया लघवीवाटे बाहेर टाकतो. शेतकरी जो युरिया पिकाला देतो तो रासायनिकदृष्ट्या हाच पदार्थ आहे. खताच्या गोणीवर छापलेले ४६ टक्के नत्र दोन्हींना सारखेच लागू पडते. बहुतेक प्राण्यांना युरियातील नत्र वापरता येत नाही, म्हणून तर शरीर तो टाकून देते. मात्र मुंगळे ज्या कॅम्पोनोटस वंशात मोडतात, त्यातील मुंग्यांच्या पोटात ब्लॉकमानिया नावाचे जिवाणू पिढ्यान्‌पिढ्या वास करून असतात. या जिवाणूंकडे युरियाचे विघटन करणारे विकर (एन्झाइम) असते. नत्राचा खुणेचा समस्थानिक (माग काढता येईल असा, वेगळ्या वजनाचा नत्राचा अणू) घातलेला युरिया मुंग्यांना खाऊ घालून संशोधकांनी २००७ मध्ये दाखवून दिले की तो नत्र पुढे मुंगीच्या शरीरातील अत्यावश्यक अमिनो आम्लांत, म्हणजे प्रथिने ज्यांपासून बनतात त्या घटकांत, सापडतो. आपण टाकून दिलेल्या पदार्थापासून मुंगी अशा रीतीने स्वतःचे प्रथिन घडवते. दक्षिण अमेरिकेतील झाडांवर राहणाऱ्या सेफॅलोटस वंशातील मुंग्यांच्या पोटातही वेगळ्या जिवाणूंमार्फत असेच काम चालते.

आपल्या अंगणातील मोठा काळा मुंगळा, कॅम्पोनोटस कॉम्प्रेसस, याची युरियाविषयीची ओढ भारतीय अभ्यासकांनी १९८० च्या दशकाच्या सुरुवातीलाच नोंदवली होती. त्यानंतर ऑस्ट्रेलियातील कांगारू बेटावर साउथ ऑस्ट्रेलिया विद्यापीठाच्या संशोधकांनी याच वंशातील एका रात्री फिरणाऱ्या मुंगीपुढे माणसाचे मूत्र, कांगारूचे मूत्र, साखरेचे पाणी आणि वेगवेगळ्या तीव्रतेची युरियाची द्रावणे वाळूवर ओतून ठेवली. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात सर्वाधिक मुंग्या १० टक्के युरियाच्या द्रावणावर आल्या. साखरेचे पाणी मागे पडले. लघवी वाळूत पूर्ण मुरून कोरडी झाल्यावरही त्या मुंग्या पुढील कित्येक रात्री ती वाळू उकरत होत्या.

ताज्या लघवीत युरिया साधारण दोन टक्के असतो, पण पाणी उडून गेले की जागेवर त्याची तीव्रता वाढते. लघवी केल्यानंतर लगेच नव्हे तर काही वेळाने मुंग्या दिसतात, याचे एक कारण हे असू शकते. याशिवाय आपण खाल्लेल्या मिठाचा बहुतांश भाग लघवीवाटेच बाहेर पडतो, आणि वनस्पतींवर गुजराण करणाऱ्या मुंग्यांना मिठाची सतत चणचण असते. तेव्हा अंगणात, शेताच्या बांधावर किंवा मोरीत लघवीवर आलेल्या मुंग्या, विशेषतः मोठे मुंगळे, ही पूर्णपणे निरोगी माणसाच्या बाबतीतही घडणारी गोष्ट आहे.

मग मधुमेहात लघवीला मुंग्या लागतात हे खोटे आहे का?

मुळीच नाही. ते निरीक्षण खरे आहे आणि फार जुने आहे. चरकसंहितेत प्रमेहाची (लघवीच्या विकारांचा गट, ज्यात मधुमेह येतो) पूर्वलक्षणे सांगताना तोंडात गोडवा येणे, हातापायांची आग होणे यांच्याबरोबर लघवीकडे मुंग्या धावणे हेही सांगितले आहे. प्रयोगशाळा नसलेल्या काळात, डोळ्यांनी न दिसणारा बदल एका लहान जिवाच्या वागण्यावरून ओळखणारी ती नजर आजही आदराने पाहावी अशीच आहे. युरोपात मधुमेही लघवीतील गोडवा साखरेचाच आहे हे लिव्हरपूलच्या मॅथ्यू डॉब्सन यांनी लघवी आटवून १७७६ मध्ये दाखवले.

यामागची शारीरिक यंत्रणा अशी आहे. मूत्रपिंडातून दिवसभरात गाळल्या जाणाऱ्या द्रवात साधारण १८० ग्रॅम ग्लुकोज असते, आणि निरोगी मूत्रपिंड ते जवळजवळ सारे परत रक्तात खेचून घेते. रक्तातील साखर १०० मिलिलिटरमागे साधारण १८० मिलिग्रॅमच्या वर गेली की परत खेचण्याची ही क्षमता अपुरी पडते आणि उरलेली साखर लघवीत उतरते. मग त्या लघवीत युरिया आणि मीठ यांच्या जोडीला साखरही आल्याने, एरवी युरियाकडे फारसे न फिरकणाऱ्या घरातील बारीक मुंग्यासुद्धा तिच्यावर जमू लागतात.

म्हणून मुंग्यांची रांग ही तपासणी करून घेण्याची सूचना मानावी, निदान मानू नये.

माझ्या लघवीवर मुंग्या दिसल्या. मी आता काय करावे?

रक्ताची तपासणी करून घ्यावी. उपाशीपोटी साखर १२६ मिलिग्रॅम किंवा अधिक, ७५ ग्रॅम ग्लुकोज घेतल्यानंतर दोन तासांनी २०० मिलिग्रॅम किंवा अधिक, अथवा एचबीए१सी (गेल्या दोन-तीन महिन्यांतील सरासरी साखर दाखवणारी रक्तचाचणी) ६.५ टक्के किंवा अधिक, यांपैकी काही आढळल्यास मधुमेहाचे निदान होते. लक्षणे स्पष्ट नसतील तर डॉक्टर सहसा चाचणी पुन्हा करून खात्री करून घेतात. ३० वर्षांवरील व्यक्तींची मधुमेह आणि रक्तदाबासाठी तपासणी राष्ट्रीय कार्यक्रमाखाली प्राथमिक आरोग्य केंद्रांत आणि उपकेंद्रांत केली जाते. तिचा लाभ अवश्य घ्यावा.

मुंग्या दिसल्या नसत्या तरी हा सल्ला बदलला नसता. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या देशव्यापी पाहणीचे निष्कर्ष २०२३ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यांनुसार देशात सुमारे १०.१ कोटी लोकांना मधुमेह आहे आणि आणखी १३.६ कोटी लोक त्याच्या उंबरठ्यावर आहेत. वारंवार लघवी, न भागणारी तहान, कारण नसताना घटणारे वजन, भरून न येणारी जखम किंवा घरात कोणाला मधुमेह असणे, यांपैकी काहीही असेल तर तपासणी पुढे ढकलू नये.

मुंग्या लागत नाहीत, म्हणजे मधुमेह नाही असे समजावे का?

नाही. रक्तातील साखर उपाशीपोटी १४० आणि जेवणानंतर १७० असणाऱ्या माणसाच्या लघवीत साखर बहुधा उतरणारच नाही, तरीही त्याला मधुमेह असू शकतो आणि त्याच्या डोळ्यांची, मूत्रपिंडांची, नसांची हानी चालू राहू शकते. उतारवयात काही जणांत साखर लघवीत उतरण्याची पातळी आणखी वर सरकते. शिवाय फ्लश केलेल्या कमोडमध्ये मुंग्या दिसण्याचा प्रश्नच येत नाही. लघवीला मुंग्या लागतात का हे पाहत बसणे हा आज कोणीही अवलंबू नये असा मार्ग आहे; ज्या काळात तो उपयोगी होता त्या काळात दुसरे साधन नव्हते.

मधुमेहाची नवी गोळी सुरू केल्यापासूनच मुंग्या लागू लागल्या. औषध बाधले का?

डापाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन किंवा कॅनाग्लिफ्लोझिन यांपैकी एखादे औषध चालू असेल तर हे अपेक्षितच आहे. मूत्रपिंडातील साखर परत खेचणारी यंत्रणा ही औषधे मुद्दाम अडवतात, त्यामुळे मधुमेही रुग्णाच्या लघवीतून दिवसाला ५० ग्रॅमांहून अधिक साखर बाहेर जाऊ शकते. रक्तातील साखर आटोक्यात असतानाही लघवी गोड राहते, आणि लघवीतील साखर तपासणारी पट्टी नेहमीच साखर दाखवते. त्यावरून औषध लागू पडत नाही असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. यांपैकी काही औषधे आता हृदयविकाराच्या आणि मूत्रपिंडविकाराच्या काही रुग्णांना, मधुमेह नसतानाही, दिली जातात.

घाबरून औषध स्वतःहून बंद करू नये. लघवीतील साखरेमुळे जननेंद्रियांच्या जागी बुरशीचा संसर्ग होण्याची शक्यता मात्र वाढते, म्हणून प्रत्येक वेळी ती जागा पाण्याने धुऊन कोरडी करावी आणि खाज किंवा लाली दिसल्यास डॉक्टरांना सांगावे. उलट्या, जुलाब, कडक उपवास किंवा शस्त्रक्रिया अशा प्रसंगी ही गोळी थांबवायची का, हे आधीच विचारून ठेवावे.

लहान मुलाच्या लघवीला मुंग्या लागत आहेत. थोडे दिवस वाट पाहावी का?

मूल इतर सर्व बाबतींत ठणठणीत असेल, त्याची भूक, वजन आणि खेळणे नेहमीसारखे असेल, तर बहुधा कारण युरिया आणि मीठ हेच असते. तरीही एकदा बोटातून थेंबभर रक्त घेऊन साखर तपासून घेण्यात काहीच हरकत नाही.

परंतु मूल वारंवार पाणी मागत असेल, रात्री अंथरूण ओले करणे थांबलेले असताना ते पुन्हा सुरू झाले असेल, भरपूर खाऊनही ते वाळत चालले असेल किंवा सतत थकलेले दिसत असेल, तर त्याच दिवशी रक्तातील साखर तपासावी. मुलांमध्ये प्रामुख्याने आढळणाऱ्या पहिल्या प्रकारच्या मधुमेहात शरीरात इन्सुलिन जवळजवळ तयारच होत नाही, आणि काही आठवड्यांत, कधी त्याहूनही लवकर, रक्तात आम्ले साठून जिवावर बेतू शकते. उलट्या, पोटदुखी, खोल आणि जलद श्वास, श्वासाला पिकलेल्या फळासारखा वास किंवा गुंगी ही लक्षणे दिसली तर घरगुती उपाय, पथ्य, काढे यांत एक तासही न घालवता मुलाला इस्पितळात न्यावे. पोटदुखीचे किंवा दम्याचे औषध देत राहिल्याने या आजाराचे निदान हुकते, ही बालरोगतज्ज्ञांची जुनी खंत आहे. ज्या घरात मुंग्यांमुळे संशय येऊन मूल वेळेवर पोहोचते, त्या घरापुरते तरी हे निरीक्षण मोलाचे ठरते.

गरोदरपणात लघवीला मुंग्या लागणे धोक्याचे आहे का?

गरोदरपणात मूत्रपिंडाची साखर परत खेचण्याची क्षमता तुलनेने कमी पडते, त्यामुळे रक्तातील साखर ठीक असतानाही लघवीत थोडी साखर उतरू शकते. तरीही गरोदरपणातील मधुमेहाची चाचणी प्रत्येक गर्भवतीने करून घ्यायचीच असते. आपल्याकडील शासकीय पद्धतीत ७५ ग्रॅम ग्लुकोज देऊन दोन तासांनी रक्त तपासतात आणि १४० मिलिग्रॅम किंवा त्याहून अधिक आकडा आल्यास पुढील उपचार सुरू होतात.

घामाच्या कपड्यांवर मुंग्या का जमतात?

मुख्यतः मिठासाठी. एक लिटर घामात साधारण अर्धा ते दीड-दोन ग्रॅम सोडियम असू शकते, आणि त्यासोबत युरिया, लॅक्टिक आम्ल आणि थोडी अमिनो आम्लेही असतात. कपडा वाळला की हे सारे धाग्यांत साठून राहते. वनस्पतींमध्ये सोडियम नगण्य असते, म्हणून झाडांच्या रसावर जगणाऱ्या कीटकांना ते बाहेरून मिळवावे लागते. पावसाळ्यानंतर सह्याद्रीत ओढ्याकाठच्या ओल्या मातीवर फुलपाखरांचे थवे बसलेले दिसतात, तेही याच शोधात. मुंग्यांबाबत २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असे आढळले की समुद्रापासून १०० किलोमीटरहून दूर असलेल्या प्रदेशांतील मुंग्या मिठाच्या पाण्याकडे अधिक धाव घेतात, आणि त्यातही मांसाहारी मुंग्यांपेक्षा शाकाहारी मुंग्यांची ओढ जास्त असते. समुद्रावरून येणारा वारा आणि पाऊस किनाऱ्याजवळच्या भागाला मीठ पुरवतो. आतल्या भागाला ते मिळत नाही.

घामावर मुंग्या येणे हे कोणत्याही आजाराचे लक्षण नाही.

मुंग्या रक्त पितात का? वापरलेल्या पॅडवर त्या इतक्या कशा येतात?

डासांप्रमाणे त्वचेत सोंड खुपसून माणसाचे रक्त शोषणारी मुंगी नाही. सांडलेले रक्त मात्र मुंग्यांना फार उपयोगी पडते, कारण ते प्रथिनांनी भरलेले असते. त्यात मीठ असते आणि थोडी साखरही. वारुळात अळ्या वाढत असतील त्या दिवसांत प्रथिनांची मागणी वाढते. नुसत्या प्रथिनांवर ठेवलेल्या कामकरी मुंग्या लवकर मरतात, असे प्रयोगांत दिसले आहे. म्हणजे हा घास मुख्यतः अळ्यांच्या वाट्याचा असतो.

पाळीच्या रक्ताला मुंग्या लागल्या म्हणजे रक्त ‘खराब’ आहे, शरीरात साखर वाढली आहे किंवा काही दोष आहे, असे अनेक मुलींना सांगितले जाते. ते निराधार आहे आणि त्याने विनाकारण लाज वाट्याला येते. कोणत्याही निरोगी व्यक्तीच्या रक्तावर, मग ते बोट कापून आलेले असो किंवा पाळीचे, मुंग्या येऊ शकतात. वापरलेले पॅड कागदात गुंडाळून झाकणाच्या बादलीत टाकावे आणि ती रोज रिकामी करावी. कापडी घड्या वापरत असल्यास त्या लगेच थंड पाण्यात भिजवाव्यात, कारण गरम पाण्याने रक्तातील प्रथिने गोठून डाग पक्का बसतो. नंतर साबणाने धुऊन उन्हात वाळवाव्यात.

अंतर्वस्त्रांवर मुंग्या दिसतात. हे कशाचे लक्षण आहे?

अंतर्वस्त्रांवर घाम, लघवीचे थेंब आणि जननमार्गातील नैसर्गिक स्राव साठलेले असतात. स्त्रियांच्या नैसर्गिक स्रावात प्रथिने, लॅक्टिक आम्ल आणि थोडे ग्लुकोज असते. वीर्यात फ्रुक्टोज ही साखर आणि भरपूर प्रथिने असतात. यांपैकी प्रत्येक गोष्ट मुंग्यांना हवीशी आहे, आणि उतरवलेले कपडे रात्रभर न्हाणीघराच्या कोपऱ्यात पडून राहिले तर त्या येणारच. म्हणून केवळ मुंग्या दिसल्यावरून आजाराचा, आणि त्याहून वाईट म्हणजे चारित्र्याचा, निष्कर्ष कोणीही काढू नये.

स्रावाचा रंग किंवा वास बदलला असेल, खाज किंवा जळजळ असेल, दह्यासारखा घट्ट पांढरा स्राव वारंवार होत असेल, तर मात्र डॉक्टरांकडे जावे. बुरशीचा संसर्ग पुन्हा पुन्हा होणे हे नकळत वाढलेल्या साखरेमुळेही असू शकते, आणि तेव्हा रक्ताची तपासणी उपयोगी पडते.

बाळाच्या अंथरुणात मुंग्या होतात. आईच्या दुधामुळे का?

आईच्या १०० मिलिलिटर दुधात साधारण ७ ग्रॅम लॅक्टोज, साडेतीन ते चार ग्रॅम स्निग्धांश आणि सुमारे एक ग्रॅम प्रथिन असते. ओघळलेले दूध, बाळाने काढलेली गुळणी, ओला लंगोट आणि घाम हे सारे एकाच दुपट्यावर जमते, तेव्हा मुंग्यांना बोलावणे लागत नाही. यात दुधाचा किंवा आईचा काहीही दोष नाही.

काळजी घ्यायची ती बाळाची, कारण त्याला मुंगी झटकता येत नाही. दूध पाजून झाल्यावर मान, हनुवटीखालची घडी आणि कानामागची जागा ओल्या फडक्याने पुसून कोरडी करावी. दुपटे आणि झबले ओले झाले की लगेच बदलावे. पाळण्याची दोरी किंवा मच्छरदाणी भिंतीला टेकत असेल तर मुंग्या तिच्यावरून उतरतात, म्हणून पाळणा भिंतीपासून दूर ठेवावा. पलंगाच्या पायांखाली पाण्याच्या वाट्या ठेवण्याची जुनी पद्धत चांगली आहे. फक्त त्या वाट्या दर दोन-तीन दिवसांनी घासून पाणी बदलावे, नाहीतर त्यांतच डेंग्यूचे डास वाढतील. बाळाच्या अंथरुणाभोवती मुंग्या मारण्याचा खडू किंवा पावडर कधीही वापरू नये: त्यात कीटकनाशक असते, आणि रांगणारे मूल तो खडू उचलून थेट तोंडात घालते.

लाल मुंग्यांच्या दंशानंतर बाळाच्या अंगावर गांधी उठल्या, ओठ किंवा डोळे सुजले किंवा श्वास घ्यायला त्रास होऊ लागला, तर तातडीने इस्पितळ गाठावे.

अंथरुणाला खिळलेल्या रुग्णाला मुंग्या लागतात. घरच्यांनी काय करावे?

या प्रश्नाकडे आपण जितके लक्ष द्यायला हवे तितके देत नाही. पक्षाघात झालेले, स्मृती गेलेले किंवा बेशुद्ध रुग्ण मुंगी चावल्याचे सांगू शकत नाहीत. दीर्घकाळ मधुमेह असलेल्या अनेकांच्या पायांतील संवेदना कमी झालेली असते, आणि पायाच्या जखमेत मुंग्या गेल्या तरी त्यांना समजत नाही. पाठीवरील दाबाच्या जखमा, लघवीच्या नळीची पिशवी, ओला डायपर, नाकातील नळीतून दिल्या जाणाऱ्या अन्नाचे थेंब आणि थुंकीचे भांडे, ही मुंग्यांची नेमकी ठिकाणे आहेत.

रुग्णाची कूस दर दोन तासांनी बदलताना पाठ, कंबर, टाचा आणि बोटांच्या बेचक्या उजेडात पाहाव्यात. जखमेची पट्टी ओली झाली की बदलावी. लघवीची पिशवी जमिनीला टेकू देऊ नये. अन्न भरवून झाल्यावर नळीचे तोंड आणि आसपासची त्वचा पुसावी. मधुमेही व्यक्तीने, ती चालती-फिरती असली तरी, रोज झोपण्यापूर्वी स्वतःचे तळवे पाहावेत. वाकता येत नसेल तर आरसा वापरावा किंवा घरातील कोणाला पाहायला सांगावे. जखमेत मुंग्या आढळल्यास ती सलाइनने किंवा उकळून गार केलेल्या पाण्याने धुवावी आणि डॉक्टरांना दाखवावी. हळद, रॉकेल किंवा फिनेल जखमेवर टाकू नये.

मुंग्यांमुळे जंतुसंसर्ग पसरतो का?

पसरू शकतो. फॅरो मुंगी या नावाने ओळखली जाणारी, जेमतेम दोन मिलिमीटर लांबीची पिवळसर मुंगी इस्पितळांत विशेष त्रासदायक ठरते. ती जखमेच्या पट्ट्यांत, सलाइनच्या नळ्यांपाशी आणि मोऱ्यांमध्ये सारख्याच सहजतेने फिरते. तिच्या अंगावर रोगजंतू असतात हे १९७२ मध्ये ब्रिटनमधील इस्पितळांतील पाहणीतून पुढे आले. या मुंगीवर फवारा मारल्यास तिची वसाहत फुटून अनेक नव्या वसाहती होतात, म्हणून तिच्यासाठी विषारी आमिषच वापरावे लागते.

मृतदेहावर मुंग्यांमुळे झालेल्या खुणा जखमांसारख्या का दिसतात?

मृत्यूनंतर पापण्या, ओठ, नाक आणि त्वचेच्या ओलसर घड्या यांवर मुंग्या लवकर येतात आणि त्वचेचा वरचा थर कुरतडतात. ती जागा वाळून तपकिरी आणि कडक होते, आणि खरचटल्यासारखी किंवा आम्ल पडल्यासारखी दिसते. नातेवाइकांना छळाचा संशय येणे अशा वेळी स्वाभाविक आहे. जिवंतपणी झालेल्या जखमेभोवती दिसणारी सूज आणि लाली येथे नसते, आणि त्यावरून न्यायवैद्यक तज्ज्ञ दोन्हींतील फरक ओळखतात. शंका असल्यास ती शवविच्छेदन करणाऱ्या डॉक्टरांपुढे स्पष्टपणे मांडावी. तो नातेवाइकांचा हक्क आहे.

मुंग्या लघवीच्या वासावरून कर्करोग ओळखतात, हे खरे आहे का?

फ्रान्समधील संशोधकांनी फॉर्मिका फुस्का या मुंगीला साखरपाण्याचे बक्षीस देऊन प्रयोगशाळेतील कर्करोगपेशींचा वास ओळखायला शिकवले. तो अभ्यास २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढच्या वर्षी, माणसाच्या स्तनाच्या गाठीतील पेशी रुजवलेल्या उंदरांची लघवी आणि निरोगी उंदरांची लघवी यांतील फरकही शिकवलेल्या मुंग्यांनी ओळखला. ही शिकवलेली मुंगी आहे, हे येथे ध्यानात ठेवावे. आपल्या मोरीत स्वतःहून आलेल्या मुंग्या कर्करोगाविषयी काहीही सांगत नाहीत.

घरात मुंग्या येऊ नयेत म्हणून काय करावे?

आधी द्रव काढावा, मग गंधरेषा पुसावी आणि शेवटी वाट बंद करावी. मोरीत आणि न्हाणीघरात लघवीनंतर भरपूर पाणी ओतावे, कारण थोडेसे पाणी ओतले तर युरिया आणि मीठ फरशीच्या सांध्यांत तसेच राहते. रांगेची पूर्ण वाट साबणाच्या पाण्याने पुसावी. फटी सिमेंटने किंवा सिलिकॉनने बुजवाव्यात. पावसाळ्यात वारुळांत पाणी शिरल्याने मुंग्या घरांकडे वळतात, त्यामुळे हे काम मे महिन्यातच उरकलेले बरे.

त्यानंतरही त्रास राहिला तर साखरेच्या पाण्यात साधारण एक टक्का बोरिक पावडर मिसळून ते आमिष मुंग्यांच्या वाटेवर ठेवता येते. विष सौम्य असल्यामुळे कामकरी मुंग्या ते वारुळापर्यंत नेऊन राणीला आणि अळ्यांना भरवतात. पावडर जास्त घातली तर त्या वाटेतच मरतात आणि वारूळ शाबूत राहते. हे आमिष मुले आणि पाळीव प्राणी यांच्या हाती लागणार नाही अशाच जागी ठेवावे, आणि त्याच्या बाटलीवर ठळक अक्षरांत ‘विष’ असे लिहावे.